ही चौकट कुणी काढली?

विंडोज एक्सपीचा हिरव्या टेकडीचा वॉलपेपर आठवत नाही असा माणूस त्या पिढीत विरळाच. चार्ल्स ओ'रिअर या छायाचित्रकाराने १९९६च्या जानेवारीत कॅलिफोर्नियातल्या सोनोमा परगण्यात तो फोटो टिपला. पुढे 'ब्लिस' या नावाने तो २००१ साली एक्सपीबरोबर जगभरातल्या पडद्यांवर जाऊन बसला. वर निळे आकाश, खाली लुसलुशीत टेकडी आणि डाव्या कडेने खाली उतरत जाणारी आयकॉनांची रांग. एमएस-सीआयटीच्या वर्गात माउस धरायला शिकलेल्या अनेकांनी काँप्युटर म्हणून पहिल्यांदा पाहिले ते हेच दृश्य.

या रांगेला पुष्कळ ठिकाणी एक दुखणे जडलेले असे. आयकॉनखाली जे नाव असते, त्याच्या मागे एक भरीव पट्टी उमटायची, बहुधा गडद निळी. आकाशावर ती एकवेळ खपून जाई, पण टेकडीवर आली की डोळ्यांत खुपे. मुलाबाळांचा किंवा गणपतीचा फोटो वॉलपेपर म्हणून लावावा, तर त्याच्यावर या पट्ट्या. बऱ्याच जणांचा पहिला संशय व्हायरसवर जाई. काँप्युटर दुरुस्त करायला येणारा मुलगा 'फॉरमॅट मारावा लागेल' असे सांगून मोकळा होई. प्रत्यक्षात एका टिकेचा प्रश्न होता.

ती टिक कुठली हे सांगण्याआधी पट्टी येते कुठून ते पाहू, कारण ती बिघाडातून आलेली नाही. ऑगस्ट १९९५ मध्ये विंडोज ९५ आले तेव्हा डेस्कटॉपचा मूळ रंग एकच होता, हिरवट निळा. आयकॉनचे नाव लिहिताना विंडोज आधी डेस्कटॉपच्या रंगाची एक चौकट भरत असे आणि तिच्यावर अक्षरे लिहीत असे. मागचा सगळा पडदा त्याच रंगाचा असल्याने ती चौकट दिसतच नसे. तुम्ही वॉलपेपर लावला की ती उघडी पडे. पण विचार करा, ती नसती तर काय झाले असते? पांढऱ्या अक्षरांखाली ढग आले, बर्फ आला, कुणाचा पांढरा सदरा आला की नाव गडप. कुठल्याही चित्रावर कुठल्याही जागी अक्षरे वाचता यावीत, याचा तो स्वस्त आणि खात्रीचा उपाय होता. दिसायला ओबडधोबड, एवढेच.

एक्सपीने त्याच प्रश्नाला देखणे उत्तर दिले. पट्टी काढून टाकली, अक्षरे थेट चित्रावर लिहिली आणि त्यांच्याखाली मऊ, काळसर सावली सोडली. मागे पांढरा ढग असला तरी सावलीमुळे पांढऱ्या अक्षरांच्या कडा उठून दिसतात. म्हणजे सावली नुसती शोभेची नाही, ती पट्टीच्या जागी नोकरीला लागली आहे. सावली बंद पडली की एक्सपी मुकाट्याने जुन्या पद्धतीवर जाते आणि पट्टी परत येते.

सावली बंद करणारा बहुतेक वेळा घरातलाच कुणीतरी असतो. काँप्युटर मंद चालतो म्हणून 'अ‍ॅडजस्ट फॉर बेस्ट परफॉर्मन्स' हा पर्याय निवडला जातो. तो निवडला की सगळी शोभेची कामे एका फटक्यात बंद होतात आणि त्यांत ही सावलीही जाते. उपाय असा: माय कंप्यूटरवर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडायचे, अ‍ॅडव्हान्स्ड टॅबमधल्या परफॉर्मन्सच्या सेटिंग्जमध्ये जायचे आणि यादीत खाली असलेल्या 'यूज ड्रॉप शॅडोज फॉर आयकॉन लेबल्स ऑन द डेस्कटॉप' या ओळीपुढे टिक करायची. बाकीच्या टिका नसल्या तरी चालेल. मंद मशीनवर एवढ्या एका सावलीने काही बिघडत नाही. ही ओळ विंडोज १० आणि ११ मध्येही जवळपास त्याच जागी टिकून आहे.

काही जण मात्र टिक करूनही रडकुंडीला येत. सावलीची टिक जागेवर, तरी पट्टी हटत नाही. इथे गुन्हेगार वेगळा असे: अ‍ॅक्टिव्ह डेस्कटॉप. १९९७ मध्ये इंटरनेट एक्स्प्लोरर ४ बरोबर मायक्रोसॉफ्टने ही कल्पना आणली. डेस्कटॉपवरच वेबपान ठेवायचे, बातम्या आणि शेअरचे भाव तिथेच हलते राहतील, असा बेत होता. डायल-अपच्या जमान्यात, मिनिटामिनिटाचे बिल मोजत इंटरनेट वापरणाऱ्यांना त्याचा उपयोग काय होणार होता देव जाणे. पण सोय एक्सपीपर्यंत टिकली आणि डेस्कटॉपवर वेबपान चालू असले की नावांखालची सावली मिळत नसे. कित्येकांनी हे वेबपान जाणूनबुजून लावलेलेही नसे. चुकून एखाद्या ठिकाणी क्लिक झालेले असे. त्यावर इलाज म्हणजे डिस्प्ले प्रॉपर्टीजमध्ये डेस्कटॉप टॅब, तिथे 'कस्टमाइझ डेस्कटॉप', त्यातला वेब टॅब आणि तिथल्या यादीतल्या सगळ्या टिका काढणे. शिवाय डेस्कटॉपवर राइट क्लिक करून 'अरेंज आयकॉन्स बाय'खाली 'लॉक वेब आयटम्स ऑन डेस्कटॉप' चालू असेल तर तेही बंद करणे. व्हिस्टामध्ये अ‍ॅक्टिव्ह डेस्कटॉप गेला आणि हे दुखणेही गेले.

तिसरी शक्यता हाय कॉन्ट्रास्टची. अधू दृष्टीच्या माणसांसाठी विंडोजमध्ये ठळक रंगांची ही खास योजना आहे. डावे ऑल्ट, डावे शिफ्ट आणि प्रिंट स्क्रीन ही बटणे एकत्र दाबली की ती चालू होते, आणि तीच पुन्हा दाबली की बंद होते. कीबोर्ड पुसताना किंवा मांडीवरच्या पोराने बोटे चालवताना हा योग जुळून येतो. सगळा पडदाच काळा-पिवळा झाला असेल, तर आयकॉनच्या सेटिंगमध्ये शोधत बसू नका, हे त्रिकूट आधी दाबून पाहा.

नावामागची पट्टी मिटली, तरी खुद्द चित्राच्या कडेला चिकटलेल्या किनारीची गोष्ट निराळीच. त्यासाठी आयकॉन मुळात कसा बनतो ते थोडे खोलात पाहिले पाहिजे.

आयकॉन हा शब्द काँप्युटरच्या संदर्भात रूढ केला डेव्हिड कॅनफील्ड स्मिथ यांनी, १९७५च्या आपल्या स्टॅनफर्डमधल्या प्रबंधात. पुढे ते झेरॉक्सच्या स्टार या यंत्रावर काम करणाऱ्यांत होते. १९८१ साली बाजारात आलेल्या स्टारच्या पडद्यावर फाइल, फोल्डर, टपालपेटी अशी चित्रे होती. १९८४च्या मॅकिंटॉशसाठी सुझन केर यांनी ३२ बाय ३२ चौकोनांच्या जाळीत काळ्या-पांढऱ्या ठिपक्यांनी आयकॉन रेखाटले. ३२ गुणिले ३२ म्हणजे १०२४ ठिपके, प्रत्येकाला एक बिट, म्हणजे सगळे चित्र १२८ बाइटांत बसते. पण नुसत्या चित्राने भागत नाही. चित्र चौकोनी जागेत ठेवलेले असते आणि आयकॉन तर कागदाच्या, कचरापेटीच्या आकाराचा दिसायला हवा. म्हणून मॅकने प्रत्येक आयकॉनसोबत आणखी १२८ बाइटांचा मुखवटा ठेवला. कुठला ठिपका आयकॉनचा आणि कुठल्या जागी मागचे दिसू द्यायचे, एवढेच तो सांगतो.

विंडोजनेही हेच केले, पण जरा चतुराईने. आयकॉनच्या फाइलीत दोन चित्रे असतात. पहिला मुखवटा पडद्याशी 'अँड' या तार्किक क्रियेने जोडला जातो. त्यामुळे आयकॉनच्या आकाराची जागा काळी होते आणि बाकीची जशीच्या तशी राहते. मग रंगीत चित्र 'एक्सॉर' क्रियेने त्या काळ्या जागेत उतरवले जाते. चित्राच्या बाहेरचा भाग काळा ठेवायचा असतो, कारण काळ्याशी एक्सॉर केले की काही बदलत नाही. आता चित्रकाराने तो भाग चुकून पांढरा ठेवला तर? पांढऱ्याशी एक्सॉर केले की मागचे रंग उलटे होतात आणि आयकॉनभोवती वॉलपेपरची निगेटिव्ह दिसू लागते. हौशी मंडळींनी घरी बनवलेल्या आयकॉनांत ही चूक भरपूर दिसे. मजकुरावर फिरणारा इंग्रजी 'आय'च्या आकाराचा कर्सर मात्र नेमका याच चुकीचा सदुपयोग करतो. तो मागचा रंग उलटवतो, म्हणून पांढऱ्या कागदावर काळा आणि काळ्यावर पांढरा दिसतो.

एका बिटच्या मुखवट्याला मधले काही कळत नाही. ठिपका आहे किंवा नाही. गोल आकाराची कड त्यामुळे पायऱ्यापायऱ्यांची दिसते. त्यावर चित्रकारांनी तोडगा काढला: कडेचे ठिपके आकाराच्या आणि मागच्या रंगाच्या मधल्या छटेचे करायचे, म्हणजे पायऱ्या डोळ्याला जाणवत नाहीत. पण मागचा रंग कुठला धरायचा? चित्रकार पांढऱ्या कागदावर काम करत असतो, म्हणून तो पांढरा धरतो. मग लाल गोळ्याच्या कडेला गुलाबी ठिपके येतात आणि तो गोळा गडद वॉलपेपरवर ठेवला की भोवती फिकट कडे उमटते. पांढऱ्या पडद्यासमोर काढलेला पासपोर्ट फोटो कात्रीने कापून काळ्या अल्बमात चिकटवावा आणि कानाशी पांढरी कड राहून जावी, तसे हे होते.

यावर खरा उपाय आला तो एक्सपीच्या ३२ बिटांच्या आयकॉनांत. लाल, हिरव्या आणि निळ्या रंगासाठी प्रत्येकी ८ बिट आणि पारदर्शकतेसाठी आणखी ८, ज्याला अल्फा म्हणतात. आता कडेचा ठिपका 'मी लाल आहे, पण निम्माच' असे सांगू शकतो. उरलेला निम्मा रंग मागे जे असेल त्याचा. पारदर्शकतेच्या २५६ पायऱ्या मिळाल्याने आयकॉनाच्या खाली सावलीही टाकता आली. व्हिस्टात २५६ बाय २५६चे मोठे आयकॉन आले. कच्च्या स्वरूपात एकच चित्र २५६ किलोबाइटांचे होईल, म्हणून ते पीएनजी पद्धतीने दाबून ठेवायची सोय झाली.

तरी किनार उरतेच, आणि तिची कारणे मोठी गमतीची आहेत. जुन्या धाटणीच्या प्रोग्रॅमला अल्फा ठाऊक नसतो. त्याच्या हातात नवा आयकॉन पडला की तो अर्धपारदर्शक सावलीचे ठिपके पूर्ण काळे रंगवतो आणि आयकॉनभोवती काजळाची जाड रेघ उमटते. दुसरीकडे, एक्सपीच्या काळात आयकॉन बनवणाऱ्यांना मायक्रोसॉफ्टचा सल्ला असे की एकाच फाइलीत ४८, ३२ आणि १६ ठिपक्यांचे तीन आकार आणि प्रत्येकाच्या तीन रंगपातळ्या द्या. पडदा २५६ रंगांवर असेल तर अल्फाशिवायचे चित्र वापरले जाते आणि कडा करवतीसारख्या होतात. अशा वेळी आयकॉनाला दोष देण्यापेक्षा डिस्प्ले सेटिंगमधले 'कलर क्वालिटी' तपासावे.

आजच्या लॅपटॉपवर मात्र गुन्हा बहुधा आकाराचा असतो. १०० टक्के स्केलिंगवर डेस्कटॉपचा मध्यम आयकॉन ४८ ठिपक्यांचा असतो, १२५ टक्क्यांवर ६०, १५० वर ७२. आयकॉनच्या फाइलीत नेमका तो आकार नसला की विंडोज दुसऱ्या आकाराचे चित्र ताणते किंवा आकसते. ताणताना शेजारशेजारचे ठिपके मिसळतात. पारदर्शक ठिपक्यांच्या पोटात चित्रकाराने पांढरा रंग तसाच ठेवला असेल, तर तो दिसत नसूनही कडेत मिसळू शकतो. हे पडताळायची युक्ती सोपी आहे. डेस्कटॉपवर कंट्रोल दाबून धरा आणि माउसचे चाक फिरवा. आयकॉन लहानमोठे होतील. एखाद्या आकारात किनार नाहीशी होत असेल, तर दोष त्या आयकॉनच्या फाइलीत आहे आणि विंडोजच्या सेटिंगमध्ये वर्षभर शोधले तरी तो सापडणार नाही. आयकॉन तुमचाच असेल तर फोटोशॉपमध्ये 'मॅटिंग'खालचे 'डीफ्रिंज' किंवा 'रिमूव्ह व्हाइट मॅट' वापरा. फुकटचे साधन हवे असेल तर गिंपमध्ये 'कलर टू अल्फा' आहे, तिथे पांढरा रंग निवडला की पांढरेपणाचे रूपांतर पारदर्शकतेत होते. चित्रातला हवा असलेला पांढरा भागही त्यात जातो, तेवढे सांभाळा. गिंपमधून थेट आयकॉनच्या फाइलीत अनेक आकार एकत्र साठवता येतात.

कधी आयकॉनच्या जागी काळा चौकोन किंवा कोरा पांढरा कागद दिसतो. तो प्रश्न साठ्याचा आहे. दर वेळी हजार फाइली उघडायला नकोत म्हणून विंडोज आयकॉनची चित्रे एका लपवलेल्या फाइलीत साठवते आणि ती फाइल बिघडते. एक्सपीत आयकॉनचा आकार एकदा बदलून परत पूर्वीसारखा केला की साठा नव्याने तयार होई. शॉर्टकटचा बाण, दाबून ठेवलेल्या फाइलीवरचे दोन निळे बाण ही वरून ठेवलेली चिन्हे. निळे बाण नको असतील तर फाइलीच्या प्रॉपर्टीजमध्ये अ‍ॅडव्हान्स्डखाली 'कॉम्प्रेस'ची टिक काढा. शॉर्टकटचा बाण काढायचे उपाय पुष्कळ जण सांगतात, मी सांगणार नाही. बाण असलेला आयकॉन उडवला तर फक्त वाट जाते. बाण नसलेला उडवला तर फाइल जाते, आणि हा फरक ओळखायला तो बाणच उपयोगी पडतो. आयकॉनच्या कोपऱ्यात टिक करायचा बारीक चौकोन येत असेल, तर फाइल एक्स्प्लोररच्या व्ह्यूमध्ये 'आयटम चेक बॉक्सेस' बंद करा, की झाले.

राहिली ती सर्वांत जास्त शिव्या खाणारी चौकट: आयकॉनभोवतीची ठिपक्यांची रेघ. नव्या विंडोजमध्ये ती ठिपक्यांऐवजी सलग बारीक रेघ झाली आहे. तुम्ही आयकॉन निवडलेला नाही, मोकळ्या जागी क्लिक केले, निळेपणा गेला, तरी रेघ आपली जागेवर.

निवडलेले असणे आणि लक्ष असणे या विंडोजच्या लेखी दोन वेगळ्या गोष्टी आहेत. एका वेळी दहा आयकॉन निवडता येतात, पण कीबोर्डचे लक्ष, म्हणजे फोकस, एकाच आयकॉनवर असतो. बाण दाबल्यावर हालचाल तिथून सुरू होणार. मोकळ्या जागी क्लिक केल्याने निवड सुटते, फोकस सुटत नाही. खात्री करायची असेल तर कंट्रोल धरून बाणाची बटणे दाबा: रेघ एका आयकॉनवरून दुसऱ्यावर फिरेल, पण काहीच निवडले जाणार नाही. कंट्रोल आणि स्पेस दाबले की जिथे रेघ आहे तो आयकॉन निवडला जाईल.

ही ठिपक्यांची चौकट काढायचे विंडोजचे जुने तंत्रही एक्सॉरचेच आहे. एकदा काढली की रेघ उमटते, त्याच जागी दुसऱ्यांदा काढली की मूळचे परत येते, पुसायचे वेगळे काम नाही. मात्र दोन फेऱ्यांच्या मधे पडद्याचा तेवढा तुकडा कुणी नव्याने रंगवला, तर दुसरी फेरी रेघ पुसण्याऐवजी नवी काढते आणि मागे भुतासारखे ठिपके राहतात. असले ठिपके एफ५ दाबले की जातात. ते एफ५ने गेले नाहीत, तर ती खरी फोकसची रेघ समजा.

विंडोज २००० पासून मायक्रोसॉफ्टने समंजस तडजोड केली: माउस वापरणाऱ्याला रेघ दाखवायची नाही, कीबोर्डला हात लागला की दाखवायची. म्हणून बऱ्याच जणांना ती 'अचानक' आल्यासारखी वाटते. टॅब किंवा बाण दाबलेला असतो, पण लक्षात नसतो. एकदा आली की ती लवकर जात नाही. टास्क मॅनेजरमध्ये विंडोज एक्स्प्लोररवर राइट क्लिक करून रीस्टार्ट केले की डेस्कटॉप नव्याने मांडला जातो आणि सहसा रेघही जाते. रेघ जाड असेल तर विंडोज ७ मध्ये ईझ ऑफ अ‍ॅक्सेसखाली 'मेक द फोकस रेक्टँगल थिकर' तपासा. विंडोज १० किंवा ११ मध्ये निळी चौकट जिथे जाल तिथे मागे येत असेल आणि काँप्युटर बोलूही लागला असेल, तर तो नॅरेटर आहे. विंडोज, कंट्रोल आणि एंटर एकत्र दाबले की गप्प बसतो.

रेघ कायमची उडवून टाकणारी साधने मिळतात, पण हात थरथरतो म्हणून किंवा मनगट दुखते म्हणून ज्याला माउस धरता येत नाही, त्याचा सगळा काँप्युटर त्या रेघेवर चालतो. वेबसाइट बनवणाऱ्यांनी हा धडा उशिरा घेतला. एरिक मेयर यांच्या २००८च्या लोकप्रिय रीसेट सीएसएसमध्ये, म्हणजे ब्राउझरची ठरलेली शैली पुसून कोरी पाटी देणाऱ्या फाइलीत, फोकसची कडा शून्य केलेली होती. शेजारीच सूचना होती की तुमची स्वतःची फोकसची शैली द्यायला विसरू नका. हजारो साइटींनी ती फाइल जशीच्या तशी उचलली, सूचना मात्र वाचली नाही. त्याच वर्षी डिसेंबरात आलेल्या डब्ल्यूसीएजी २.० या सुगम्यतेच्या नियमांत फोकस डोळ्यांना दिसला पाहिजे असा निकष होता. मेयर यांनी २०११च्या आवृत्तीत ती ओळ काढून टाकली, पण उचललेल्या प्रती तशाच फिरत राहिल्या. शेवटी ब्राउझरांनीच तोडगा काढला. ऑक्टोबर २०२० मध्ये क्रोम ८६ मध्ये, जानेवारी २०२१ मध्ये फायरफॉक्स ८५ मध्ये आणि पुढे २०२२ मध्ये सफारीत 'फोकस-व्हिजिबल' आले. बटणावर माउसने क्लिक केले तर कडा नाही, टॅबने पोहोचलात तर कडा आहे, म्हणजे विंडोज २००० मधलीच युक्ती, वीस वर्षांनी. मजकूर लिहायच्या खान्यात मात्र माउसने क्लिक केले तरी कडा दिसते, कारण तिथले पुढचे काम कीबोर्डचेच असते.